टपावर पंखा बसवण्याआधी

व्हॅनच्या टपाला मोठा पंखा ठोकला की काम झालं, असं समजू नका. तो जेवढी हवा बाहेर फेकतो, तेवढी आत यायला वाट लागते. पंख्यापासून लांबची एखादी खिडकी दोन बोटं उघडी ठेवा. सगळं बंद करून पंखा फुल्ल सोडलात, तर हीटरचा धूर उलटा आत ओढला जाऊ शकतो. त्या धुरातल्या विषारी कार्बन मोनॉक्साइड वायूला वास नसतो, तेव्हा अलार्म लावाच.

वाऱ्यावर गरगरून आतली हवा बाहेर ओढणारी बुटकी टोपी बऱ्याच व्हॅनवर दिसते, ती जर्मन इंजिनिअर आंटोन फ्लेटनर यांच्या नावाची. हे तेच गृहस्थ, ज्यांच्या उभ्या फिरत्या नळकांड्यांवर चालणाऱ्या जहाजाने 1926 मध्ये अटलांटिक ओलांडला. जहाज धंद्यात टिकलं नाही, टोपी टिकली! तिला वीज लागत नाही. पण गाडी उभी आणि वारा पडलेला, म्हणजे ऐन गरजेच्या वेळी, ती ढिम्म. आत झोपणार असाल तर 12 व्होल्टचा पंखा हवाच. 2 अँपिअर ओढणारा पंखा 8 तासांत 16 अँपिअर-तास खातो. बॅटरी त्या हिशेबाने घ्या.

पेट्रोल इंजिनाची बोट असेल तर मात्र चालढकल नको. पेट्रोलची वाफ हवेपेक्षा जड, ती तळाशी साचते. ब्लोअरच्या, म्हणजे ही वाफ बाहेर फेकणाऱ्या पंख्याच्या, पाइपचं तोंड खाली, पण साचलेल्या पाण्याच्या वर ठेवा. इंजिन चालू करण्याआधी किमान 4 मिनिटं ब्लोअर चालवा, मग स्वतः वास घेऊन बघा. आणि तिथे साधा पंखा चालणार नाही. ठिणगीने वाफ पेटू न देणारा, बोटीसाठीच बनवलेला घ्या.