आधी शुक्र ओळखायला शीक
यूएफओ, म्हणजे आकाशात दिसणाऱ्या ओळख न पटलेल्या वस्तू, शोधायचा नाद लागलाय ना, मग सहा महिने नुसतं आकाश बघ. क्षितिजाजवळचा शुक्र असा लाल-हिरवा लुकलुकतो की मी एकदा पहाटे पाचला मित्राला उठवलेलं, त्याच्या शिव्या खाल्ल्या त्या वेगळ्याच. कोणी आकाशात काही दिसलं म्हणून सांगायला आलं की किती वाजता, कुठल्या दिशेला, हात लांब केला तर नखाएवढं दिसलं का मुठीएवढं, एवढंच विचार, आपला अंदाज आधी बोलायचा नाही, नाहीतर समोरचा तेच धरून बसतो. 2 एप्रिल 2022 ला विदर्भात आकाशात जळत्या दिव्यांची रांग दिसली, सिंदेवाहीकडे लाडबोरीत धातूची भलीमोठी रिंग पडली, चिनी रॉकेटचे तुकडे ते! अमेरिकन हवाई दलाच्या ब्लू बुक या यूएफओ तपासाच्या प्रकल्पात 12618 केसेस होत्या, उलगडा न झालेल्या फक्त 701. आणि हो, नोकरी सोडू नको, यात पेट्रोलचेपण पैसे सुटत नाहीत.