शाळा आणि मैदान : वाचकांचे प्रश्न

या महिन्यात आलेली बहुतेक पत्रे तालुक्याच्या गावांतून आली आहेत. जिल्हा परिषदेच्या आणि नगरपरिषदेच्या माध्यमिक शाळांत शिकणाऱ्या मुलांचा अभ्यास आणि त्यांचा खेळ यांची सांगड कशी घालावी, हाच त्या सर्व पत्रांचा विषय आहे.

प्रश्न : माझी मुलगी आमच्या गावाजवळच्या जिल्हा परिषदेच्या माध्यमिक शाळेत शिकते. यंदा ती दहावीला गेली आहे. गेली तीन वर्षे ती शाळेच्या खो-खो संघात आहे आणि मागच्या वर्षी संघ विभागीय स्पर्धेपर्यंत पोहोचला होता. नववीत तिला ७२ टक्के गुण मिळाले. वर्गशिक्षकांनी निरोप पाठवला आहे की, दहावीचे वर्ष आहे, आता खेळ बंद करा. तिच्या वडिलांचेही तेच मत आहे. मुलगी दोन दिवस नीट जेवलेली नाही. मी काय करावे?
— एक आई, माण तालुका, जि. सातारा

उत्तर : ताई, अशी पत्रे मला दरवर्षी जून महिन्यात येतात आणि त्यांतली मुलगी बहुधा तुमच्या मुलीसारखीच असते, म्हणजे अभ्यासात बरी आणि मैदानावर फार चांगली. माझे मत आधीच सांगून टाकतो : तिचा खेळ बंद करू नका. मी सत्तावीस वर्षे गणित शिकवले आणि त्यांतली बहुतेक वर्षे संध्याकाळी मुलींचा खो-खोचा संघही सांभाळला. त्यामुळे तुमच्या मुलीच्या वर्गशिक्षकांची काळजी मला कळते. शाळेच्या निकालाचा टक्का खाली आला की जाब त्यांनाच विचारला जातो. पण त्या काळजीवर त्यांनी सुचवलेला उपाय मला पटत नाही.

आधी वर्षाचा हिशेब मांडून पाहा. शालेय स्पर्धा साधारणपणे ऑगस्टमध्ये तालुक्यापासून सुरू होतात, सप्टेंबरच्या सुमारास जिल्हा, त्यानंतर विभाग आणि दिवाळीच्या मागेपुढे राज्य, अशा क्रमाने त्या पुढे सरकतात. मंडळाची लेखी परीक्षा फेब्रुवारीच्या उत्तरार्धात किंवा मार्चच्या सुरुवातीला येते. २०२५ साली ती २१ फेब्रुवारीला सुरू झाली. म्हणजे राज्य स्पर्धेपर्यंत मजल मारणाऱ्या मुलीच्या हातातही परीक्षेपूर्वी सलग दोन महिने राहतात आणि ज्यांचा संघ जिल्ह्यालाच हरतो त्यांच्या हातात तर पाच महिने असतात. मग जूनमध्येच खेळ बंद करून नेमके काय वाचते? दिवसाचा दीड तास. तो दीड तास अभ्यासात जाईल असे आपण गृहीत धरतो, पण रुसलेली मुलगी पुस्तक उघडून बसली तरी तिचे डोळे ओळींवरून नुसते फिरत राहतात, हे मी अनेक घरांत पाहिले आहे.

खेळणाऱ्या मुलीचे गुण खरे कुठे जातात, तेही सांगतो. दहावीला प्रत्येक विषयाचे १०० गुण असतात. त्यांपैकी ८० लेखी परीक्षेचे आणि २० शाळेने द्यावयाच्या अंतर्गत मूल्यमापनाचे. स्पर्धेसाठी चार दिवस बाहेरगावी गेलेल्या मुलीचे विज्ञानाचे प्रयोग बुडतात, प्रयोगवही अपुरी राहते, गणिताचा स्वाध्याय द्यायचा राहून जातो आणि हक्काच्या २० पैकी चार-सहा गुण कोणाच्या लक्षातही न येता निघून जातात. म्हणून शाळेत जाऊन वर्गशिक्षकांना एवढीच विनंती करा की, संघ स्पर्धेहून परतल्यावर त्या आठवड्यात राहिलेले प्रयोग करून घ्यावेत. वर्गातल्या एका मैत्रिणीची वही तिने त्याच दिवशी घरी आणावी. बीजगणित आणि भूमिती हे विषय मात्र दुसऱ्याची वही उतरवून येत नाहीत. त्यांच्यासाठी रविवारची सकाळ राखून ठेवा. सराव परीक्षा सुरू झाल्या की आठवड्यातून तीन दिवस अर्धा तास धावणे पुरेसे आहे, तेवढे मात्र चालू राहू द्या.

माझ्या संघातली एक मुलगी मला आठवते. गुडघ्यावर कायम एखादी खपली, हाताच्या कोपराला माती, आणि संरक्षणाला उतरली की सहजासहजी बाद होत नसे. भूमितीच्या पेपरला मात्र ती घाबरायची. एखादी सिद्धता मध्येच अडली की ती पेन खाली ठेवायची आणि उरलेला वेळ तशीच बसून राहायची. दहावीच्या सराव परीक्षेत वर्तुळाला स्पर्शिका काढण्याच्या प्रश्नावर ती अडली, पण या वेळी तिने तेवढी जागा कोरी सोडली, पुढचे तीन प्रश्न सोडवले आणि शेवटच्या दहा मिनिटांत परत येऊन ती रचना पूर्ण केली. मी विचारले, तेव्हा ती म्हणाली, “सर, खांबाजवळ कोंडी झाली की मी वळते ना, तशीच वळले.” खेळामुळे प्रत्येकीचे असे होते, असा माझा दावा नाही. तिचे झाले, एवढे मी पाहिले आहे.

तुमच्याच तालुक्यातल्या मोही गावच्या ललिता बाबर २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये तीन हजार मीटर स्टीपलचेसच्या, म्हणजे अडथळे आणि पाणी ओलांडत धावण्याच्या शर्यतीच्या, अंतिम फेरीत धावल्या आणि दहाव्या आल्या. तुमच्याच जिल्ह्यातल्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव कराडच्या टिळक हायस्कूलमध्ये शिकले आणि १९५२ साली हेलसिंकीत कुस्तीचे कांस्यपदक जिंकून आले. त्यांच्या जन्मदिनी, १५ जानेवारीला, आज राज्य क्रीडा दिन साजरा होतो. तुमच्या मुलीने ऑलिंपिकला जावे म्हणून मी ही नावे घेत नाही. माळावरच्या गावातली, साध्या शाळेत शिकणारी मुलेच ही वाट चालत आली आहेत, हे तिच्या वडिलांच्या कानावर जावे म्हणून घेतो. आणि एक करा : पुढच्या सामन्याला त्यांना मैदानावर घेऊन जा. मुलीचा खेळ बंद करायला निघालेल्या बहुतेक वडिलांनी तो कधी पाहिलेलाच नसतो.

प्रश्न : जिल्हा स्पर्धेत भाग घेतला की दहावीला २५ गुण वाढवून मिळतात, असे गावात सांगतात. हे खरे आहे का?
— एक पालक, जि. धाराशिव

उत्तर : हे अर्धवट खरे आहे. क्रीडा सवलतीचे गुण स्पर्धेच्या पातळीनुसार आणि त्या स्पर्धेतील कामगिरीनुसार पायरीपायरीने मिळतात. २५ ही सर्वांत वरची मर्यादा आहे, सर्वांना मिळणारी सरसकट रक्कम नाही. खाजगी मंडळाने भरवलेल्या चषक स्पर्धेचे प्रमाणपत्र येथे उपयोगी पडत नाही. स्पर्धा शासनाच्या क्रीडा विभागाची किंवा मान्यताप्राप्त संघटनेची असावी लागते. प्रस्ताव शाळेमार्फत जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे आणि तेथून परीक्षा मंडळाकडे जातो. म्हणून सहावीपासूनची सर्व मूळ प्रमाणपत्रे एका फाइलमध्ये ठेवा आणि त्यांवरचे नाव व जन्मतारीख शाळेच्या जनरल रजिस्टरशी जुळते की नाही, हे आजच पाहा. एका वेलांटीच्या चुकीपायी प्रस्ताव परत आलेला मी पाहिला आहे आणि दुरुस्ती होईपर्यंत मुदत निघून गेली होती. एवढे करूनही मुलाला माझे सांगणे असेच राहील की, हे गुण मिळणारच नाहीत असे समजून अभ्यास कर.

प्रश्न : आमच्या शाळेतील बहुतेक मुली आसपासच्या वाड्यांवरून एसटीने येतात. शाळा पाच वाजता सुटते आणि त्यांची शेवटची गाडी सव्वापाचला निघते. त्यामुळे मुलींचा संघच उभा राहत नाही. सरावाला फक्त गावातली मुले उरतात. काही मार्ग आहे का?
— एक मुख्याध्यापक, जि. हिंगोली

उत्तर : सर, या पत्रासाठी मी आपला आभारी आहे. मुलींना खेळाची आवड नाही, असे जेथे जेथे सांगितले जाते, तेथे तेथे मला आधी शेवटच्या गाडीची वेळ विचारावीशी वाटते. मुलींना पाचवीपासून बारावीपर्यंत एसटीचा मोफत पास आहे. मानव विकास कार्यक्रमातील १२५ तालुक्यांत त्यांच्यासाठी निळ्या बसही धावतात. प्रवास फुकट झाला, पण वेळापत्रक शाळेच्या घंटेला बांधले गेले आणि घंटेनंतरचा दीड तास मुलींच्या वाट्याला आलाच नाही.

दोन मार्ग आहेत. पहिला अर्जाचा. पासधारक मुलींची गावनिहाय संख्या, शाळा व्यवस्थापन समितीचा ठराव आणि आठवड्यातून तीन दिवस गाडी पाऊण तास उशिरा सोडण्याची विनंती, असे पत्र आगार व्यवस्थापकांना द्यावे. नुसत्या विनंतीपेक्षा संख्येचा उपयोग अधिक होतो. तरीही चालक-वाहकांच्या पाळ्या बदलाव्या लागत असल्याने याला वेळ लागेल, हे धरून चालावे.

दुसरा मार्ग आपल्या हातात आहे. संध्याकाळची गाडी लवकर जाते, तशी सकाळची गाडी बहुधा लवकर येते. आमच्या शाळेत मुली पावणेदहाला उतरत आणि परिपाठ साडेदहाला असे. मधला पाऊण तास त्या व्हरांड्यात दप्तरावर बसून काढत. तोच आम्ही सरावाचा तास केला. स्वच्छतागृहाशेजारची एक खोली कपडे बदलण्यासाठी मोकळी करून कडी-कोयंडा बसवला, पाण्याचा पिंप भरून ठेवला आणि पहिला तास अवघड विषयाचा ठेवायचा नाही, असे शिक्षकांच्या बैठकीत ठरवून घेतले. वर्षभरात बारा जणींचा संघ तयार झाला. कडी लावता येईल अशी खोली मिळण्यापूर्वी यांतल्या पाच मुली मैदानाकडे फिरकल्याही नव्हत्या.

याशिवाय वेळापत्रकातले शारीरिक शिक्षणाचे तास गणिताला किंवा इंग्रजीला देऊ नयेत. सुरुवातीच्या वर्षांत मीही ते तास मागून घेतले आहेत. ते चूक होते. गाडीने येणाऱ्या मुलीला खेळायला मिळतो तो तेवढाच वेळ असतो.

प्रश्न : माझी तेरा वर्षांची मुलगी ८०० मीटर धावते. दोन महिन्यांपासून तिला लवकर दम लागतो आणि वर्गातही झोप येते. सराव जास्त होतो आहे का?
— एक आई, जि. नंदुरबार

उत्तर : सराव कमी करण्यापूर्वी तिचे हिमोग्लोबिन तपासून घ्या, प्राथमिक आरोग्य केंद्रात ही तपासणी होते. या वयात ते १२ ग्रॅमपेक्षा कमी असेल तर त्याला रक्तक्षय म्हणतात आणि पाळी सुरू झालेल्या, धावणाऱ्या मुलींत तो वारंवार आढळतो. अहवाल पाहून डॉक्टर सांगतील ते उपचार पुरे करा. शाळेत दर आठवड्याला मिळणारी लोहाची निळी गोळी मुली पुष्कळदा दप्तरात टाकून देतात; ती जेवणानंतर शिक्षकांसमोर घ्यावी आणि त्यावर लगेच चहा पिऊ नये. वर्षातून दोनदा मिळणारी जंतनाशक गोळीही चुकवू नये.

प्रश्न : आमच्या नगरपरिषद शाळेच्या मैदानावर लग्नाचे मांडव पडतात आणि नंतर खिळे व खडी तशीच राहते. मुलांनी खेळायचे कोठे?
— माजी विद्यार्थी, जि. बुलढाणा

उत्तर : शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टात शाळेला खेळाचे मैदान असलेच पाहिजे, असे म्हटले आहे, हा कायदा आठवीपर्यंतच्या वर्गांना लागू आहे आणि तुमच्या शाळेत ते वर्ग असतील तर तेवढा आधार पुरेसा आहे. शाळा व्यवस्थापन समितीने ठराव करून तो मुख्याधिकाऱ्यांना द्यावा. शाळेच्या दिवसांत मांडव नको आणि सुटीत परवानगी दिलीच तर अनामत रक्कम घेऊन मैदान साफ झाल्यावरच ती परत करावी, असे त्यात स्पष्ट लिहावे. तोवर सगळे मैदान हाती येण्याची वाट पाहू नका. मुलींचे आणि कुमारांचे कबड्डीचे मैदान १२ मीटर बाय ८ मीटरचे असते. एवढी जागा दहा माजी विद्यार्थी एका रविवारी वेचून, मुरूम टाकून आणि पाणी मारून तयार करू शकतात. खिळ्यांसाठी लोहचुंबक दोरीला बांधून दोनदा फिरवा.

प्रश्न : मी सातवीत आहे. मला धावायला आवडते आणि गणितही आवडते. बाबा शेतमजुरी करतात. बूट घ्यायला पैसे नाहीत. मला पुढे काय करता येईल?
— एक विद्यार्थी, जि. बीड

उत्तर : तू स्वतः पत्र लिहिलेस, याचा मला फार आनंद झाला. तुझ्याच जिल्ह्यातला, आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे लहानपणी घरापासून लांबच्या शाळेत पायी आणि धावत जात असे. बारावीनंतर तो सैन्यात गेला आणि २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्याने स्टीपलचेसचे रौप्यपदक मिळवले. पॅरिस ऑलिंपिकमध्ये नेमबाजीचे कांस्यपदक जिंकणारा स्वप्नील कुसळे राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा; २००९ साली तो शासनाच्या क्रीडा प्रबोधिनीत दाखल झाला होता. प्रबोधिनीत राहण्याची, जेवणाची, शाळेची आणि प्रशिक्षणाची सोय असते. निवडीच्या वेळी ३० मीटर आणि ८०० मीटर धावणे, जागेवरून लांब उडी, मेडिसिन बॉल म्हणजे वजनदार चेंडू फेकणे अशा चाचण्या घेतात. चाचण्यांची तारीख जिल्हा क्रीडा कार्यालयात कळते. तुझ्या क्रीडा शिक्षकांना तिथे विचारायला सांग.

आता गणिताचे. आठवीत एनएमएमएस नावाची शिष्यवृत्ती परीक्षा असते. जिल्हा परिषदेच्या, नगरपरिषदेच्या आणि अनुदानित शाळांतल्या मुलांना ती देता येते. घरचे वार्षिक उत्पन्न साडेतीन लाखांपेक्षा जास्त नसावे आणि सातवीत किमान ५५ टक्के गुण असावेत. निवड झाली तर नववीपासून बारावीपर्यंत दरवर्षी १२,००० रुपये तुझ्या बँक खात्यात जमा होतात. म्हणून यंदाची वार्षिक परीक्षा तुझ्यासाठी फार महत्त्वाची आहे. परीक्षेत बुद्धिमत्तेचे ९० आणि शालेय विषयांचे ९० प्रश्न असतात. आठवीच्या जूनपासून रोज वीस प्रश्न सोडवलेस तर तुझी तयारी चांगली होईल.

बुटांसाठी थांबून राहू नकोस. मऊ मातीच्या पायवाटेवर, काटे-काचा पाहून, सकाळी हळू धावत राहा. डांबरी रस्त्यावर अनवाणी धावू नकोस. आणि हे पत्र तुझ्या मुख्याध्यापकांना दाखव. माजी विद्यार्थ्यांपैकी कोणी ना कोणी एक जोड घेऊन देईल. पायाचे माप मात्र संध्याकाळी घे, कारण दिवसभर चालल्यावर पाऊल थोडे मोठे होते, आणि बूट अंगठ्यापुढे बोटभर जागा राहील असाच घे.