धीर कुठे धरावा, पाऊल कुठे उचलावे

प्रश्न : ताई, तीन महिने झाले, एक निस्तरले की दुसरे उभे राहते. सासूबाईंचा गुडघा बदलला आहे, ऑफिसात दोघांचे काम माझ्या एकटीवर आले आहे, विम्याचे कागद पडून आहेत, स्वयंपाकघरातला नळ रात्रंदिवस गळतो. ह्यांना सांगत नाही, त्यांना आधीच काय कमी व्याप आहेत? परवा मुलाच्या हातून पाण्याचा पेला सांडला, तर मी इतकी ओरडले की तो भिंतीला टेकून थरथरत राहिला. यातले एकही संकट मोठे नाही, म्हणून स्वतःचीच लाज वाटते. धीर कुठून आणू?

उत्तर : लाज आधी बाजूला ठेवा. मोठे दुःख आले की माणसे धावून येतात, रजा मिळते, कोणीतरी पाठीवर हात ठेवते. गळक्या नळाची विचारपूस करायला मात्र कोणी येत नाही, आणि म्हणूनच बारीकसारीक त्रासांचे ओझे माणूस एकट्यानेच वाहत राहतो. तुम्ही दुबळ्या नाही आहात, दमलेल्या आहात.

तुमचे पत्र दोनदा वाचले, तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. जिथे पाऊल उचलायला हवे तिथे तुम्ही सहन करत आहात आणि जिथे वाट पाहायला हवी तिथे जिवाची घालमेल करून घेत आहात. गुडघा बदलल्यावर ताकद भरून यायला कित्येक महिने लागतात; तिथे धीरच हवा, कारण तुमच्या काळजीने ते दिवस कमी होणार नाहीत. नळ, विमा आणि ऑफिस यांना मात्र धीर नको, थोडे धाडस हवे. दोघांचे काम एकटीने होत नाही, हे वरिष्ठांना शांतपणे आणि कामांची यादी समोर ठेवून सांगणे, हे त्यातले सर्वांत अवघड धाडस आहे, याची मला कल्पना आहे.

रात्री निजण्यापूर्वी पाच मिनिटे उद्याची कामे कागदावर लिहून काढा. अमेरिकेतील बेलर विद्यापीठातील संशोधकांनी २०१८ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात ५७ तरुणांकडून असे लेखन करून घेतले होते. पुढची कामे लिहिणाऱ्यांना, झालेली कामे लिहिणाऱ्यांपेक्षा सरासरी नऊ मिनिटे आधी झोप लागली, आणि यादी जितकी नेमकी तितकी झोप लवकर आली. म्हणून नुसते ‘विमा’ असे लिहू नका. ‘सोमवारी जेवणाच्या सुट्टीत फोन करून कोणता कागद राहिला आहे ते विचारणे’ असे लिहा.

मुलाला जवळ घेऊन सांगा, की पेला सांडला म्हणून नव्हे, आई दमली होती म्हणून ओरडली, आणि ती आईची चूक होती. एकदाच सांगा, पुन्हा पुन्हा माफी मागितली तर तुमची समजूत काढण्याचे काम त्या लेकराच्या अंगावर येईल.

रडू, झोप न लागणे, कशातच मन न रमणे हे दोन आठवडे जवळजवळ रोज राहिले, तर विनासंकोच डॉक्टरांना भेटा.

आणि यजमानांना त्रास नको म्हणून तुम्ही गप्प राहता, हे मला सर्वांत जास्त खुपले. त्यांना त्यांच्या घरात काय चालले आहे ते कळू द्या. आज रात्री सगळे सांगा, आणि नळ दुरुस्त करणाऱ्याला फोन त्यांनाच करू द्या.