गेम फुलस्क्रीनऐवजी विंडोत कसा चालवायचा?

तुम्ही दोन गेमबद्दल विचारलंय. एक नवा, एक वीसेक वर्षं जुना. दोन्ही उघडताक्षणी अख्खी स्क्रीन व्यापतात, शेजारी नोट्स उघड्या ठेवता येत नाहीत, आणि जुन्यात ऑल्ट-टॅब दाबलं की स्क्रीन काळी पडते ती पडतेच. दोघांचं दुखणं वेगळं आहे, त्यामुळे औषधही वेगळं लागेल. तुम्ही विंडोज वापरता असं धरून लिहितो.

आधी फुकटातला उपाय. गेम चालू असताना ऑल्ट धरून एंटर दाबा. डायरेक्टएक्स (गेमची चित्रं स्क्रीनवर दाखवायची विंडोजमधली व्यवस्था) १० किंवा त्यापुढचं वापरणाऱ्या गेममध्ये ही जोडी विंडोजच सांभाळतं. गेम बनवणाऱ्यानं मुद्दाम बंद केली नसेल तर बहुधा चालते. अनरिअल इंजिनच्या (इंजिन म्हणजे गेम ज्या तयार सॉफ्टवेअरवर उभा असतो ते) बऱ्याच गेममध्ये एफ११ नंही हेच होतं. हे नाही जमलं तर गेमच्या व्हिडिओ किंवा डिस्प्ले सेटिंगमध्ये 'डिस्प्ले मोड' शोधा. तिथे साधारण तीन पर्याय असतात: फुलस्क्रीन, विंडोड आणि बॉर्डरलेस. बॉर्डरलेस ही खरं तर विंडोच असते, फक्त तिला चौकट नसते आणि ती पूर्ण स्क्रीनभर पसरलेली असते. दुसरा मॉनिटर असेल तर माझ्या मते बॉर्डरलेसला तोड नाही. एकाच स्क्रीनवर शेजारी नोट्स हव्या असतील तर मात्र विंडोडच घ्या.

विंडोड निवडल्यावर रिझोल्यूशनही कमी करायला विसरू नका. निम्म्या तक्रारी इथूनच येतात. मॉनिटर १९२० बाय १०८० चा आणि गेमची विंडोही तेवढीच ठेवली, तर वरची टायटल बार आणि खालचा टास्कबार यांना जागा कुठून मिळणार? १०० टक्के स्केलिंगवर (म्हणजे विंडोजनं अक्षरं आणि खिडक्या मोठ्या केलेल्या नसताना) टायटल बार साधारण ३० पिक्सेल खाते, टास्कबार विंडोज १० मध्ये ४० आणि विंडोज ११ मध्ये ४८. म्हणून अशा मॉनिटरवर १६०० बाय ९०० किंवा १२८० बाय ७२० घ्या. १३६६ बाय ७६८ च्या लॅपटॉपवर १२८० बाय ७२० सुद्धा थोडक्यात बसत नाही: ७२० अधिक ३० अधिक ४० म्हणजे ७९०. तिथे टास्कबार आपोआप लपेल असं सेटिंग करा, म्हणजे ७५० मध्ये काम भागतं.

याच संदर्भात एक बारीक गोष्ट. काही गेम मागितलेला आकार चौकटीसकट मोजतात. विंडोज १० वर बाहेरून १२८० बाय ७२० असलेल्या साध्या विंडोत आतली खरी जागा १२६४ बाय ६८१ च उरते, आणि १२८० चं चित्र तेवढ्यात दाबून बसवलं जातं. अक्षरं फिसकटलेली, बारीक रेघा मध्येच गायब, असं दिसलं तर हेच झालंय समजा. चौकट काढून टाकली की चित्र लगेच स्वच्छ होतं.

सेटिंगमध्ये पर्यायच नसेल तर गेम सुरू करतानाच त्याला सूचना द्यावी लागते. (पुढच्या आज्ञा मी देवनागरीत लिहिल्या आहेत, टाइप करताना अक्षरं आणि आकडे इंग्रजीच वापरा.) कुठली सूचना चालेल ते गेमच्या इंजिनवर ठरतं, आणि इंजिन ओळखायला गेमचा फोल्डर उघडून बघणं पुरतं. 'युनिटीप्लेयर' नावाची डीएलएल फाइल (प्रोग्रॅमला लागणारा कोडचा वेगळा तुकडा) किंवा गेमच्या नावापुढे 'डेटा' लावलेला फोल्डर दिसला तर युनिटी. 'इंजिन' नावाचा फोल्डर आणि त्यात 'बायनरीज' असेल तर बहुतेक अनरिअल. 'गेमइन्फो' नावाची टेक्स्ट फाइल असेल तर व्हॉल्व्हचं सोर्स.

युनिटीसाठी: -स्क्रीन-फुलस्क्रीन ० -स्क्रीन-विड्थ १२८० -स्क्रीन-हाइट ७२०. अनरिअलसाठी: -विंडोड -रेसएक्स=१२८० -रेसवाय=७२०. सोर्ससाठी: -विंडोड -डब्ल्यू १२८० -एच ७२०, आणि चौकट नको असेल तर सोबत -नोबॉर्डर. प्रत्येक सूचनेआधी हायफन, हायफन आणि शब्द यांच्यात जागा नाही, पण दोन सूचनांमध्ये एक जागा हवीच.

स्टीमवर ही ओळ टाकायला लायब्ररीत गेमवर राइट-क्लिक करा, प्रॉपर्टीज उघडा आणि जनरलमधल्या 'लाँच ऑप्शन्स' च्या चौकोनात ती लिहा. एपिक आणि बॅटलनेटमध्येही गेमच्या सेटिंगमध्ये 'कमांड लाइन आर्ग्युमेंट्स' ची जागा असते. लाँचर नसलेल्या गेमसाठी डेस्कटॉपवर शॉर्टकट बनवा, त्याच्या प्रॉपर्टीजमधल्या 'टार्गेट' मध्ये शेवटी जा. तिथे गेमचा पत्ता अवतरणचिन्हांत असेल, तर बंद होणाऱ्या अवतरणचिन्हाच्या बाहेर या, एक जागा सोडा आणि मग सूचना लिहा. चिन्हाच्या आत लिहिलं की विंडोज त्याला फाइलच्या नावाचाच भाग समजतं आणि 'टार्गेटमधलं नाव चुकीचं आहे' असं सांगून शॉर्टकट जतनच करत नाही. शिवाय नंतर गेम याच शॉर्टकटवरून उघडायचा. मूळ फाइलवर डबल-क्लिक केलंत तर सूचना पोचत नाही.

अनरिअलचा गेम सूचनेलाही दाद देत नसेल तर त्याची सेटिंगची फाइल हातानं बदला. विंडोज आणि आर दाबून %लोकलॲपडेटा% टाइप करा, गेमच्या नावाच्या फोल्डरात 'सेव्ह्ड', त्यात 'कॉन्फिग', त्यात विंडोजच्या नावाचा फोल्डर, आणि त्यात 'गेमयुजरसेटिंग्ज' ही आयएनआय फाइल. नोटपॅडमध्ये उघडून 'फुलस्क्रीनमोड' ची ओळ शोधा. ० म्हणजे खरं फुलस्क्रीन, १ बॉर्डरलेस, २ विंडो. 'लास्टकन्फर्म्डफुलस्क्रीनमोड' ही ओळ असेल तर तिथेही २ करा, नाहीतर पुढच्या वेळी गेम जुनाच आकडा उचलतो. फाइल बदलताना गेम बंद हवा, कारण बंद होताना तो स्वतःचं सेटिंग वरून लिहून टाकतो. फाइल 'रीड-ओन्ली' करून ठेवण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. मी तो शेवटचा उपाय मानतो, कारण मग आवाज किंवा ग्राफिक्सचा बदलही जतन होत नाही आणि दोष भलतीकडेच शोधला जातो.

आता जुना गेम. तो ऑल्ट-टॅबला काळा का पडतो? त्या काळचे गेम ग्राफिक्स कार्डाचा एकहाती ताबा घेत आणि मॉनिटरचं रिझोल्यूशनच बदलून ६४० बाय ४८० वगैरे करत. तुम्ही बाहेर पडलात की तो ताबा सुटतो, आणि डायरेक्टड्रॉ काय किंवा डायरेक्ट३डी ९ काय (दोन्ही डायरेक्टएक्सचेच भाग), कार्डाच्या मेमरीत ठेवलेली चित्रं हरवली असं गृहीत धरून गेमनं ती पुन्हा भरायची असतात. ते काम ज्यांनी नीट लिहिलं नाही ते गेम काळी स्क्रीन दाखवतात किंवा बंद पडतात. काहींना २५६ रंगांचा डेस्कटॉप हवा असतो, आणि विंडोज ८ पासून तसा डेस्कटॉपच उरलेला नाही. त्यामुळे अशा गेमला नुसती सूचना पुरत नाही. गेम आणि विंडोज यांच्यामध्ये एक दुभाषी बसवावा लागतो.

मी आधी डीजीव्हूडू २ वापरून बघायला सांगेन. तो जुन्या डायरेक्टएक्सच्या मागण्या डायरेक्ट३डी ११ किंवा १२ मध्ये बदलून देतो. झिप उघडा, 'एमएस' फोल्डरातल्या 'एक्स८६' मधल्या डीएलएल फाइली घ्या आणि गेमची मुख्य ईएक्सई फाइल जिथे आहे तिथेच टाका. तुमचं विंडोज ६४ बिटचं असलं तरी एक्स८६ च घ्यायचं, कारण त्या काळचा गेम ३२ बिटचा असतो. सिस्टिम३२ मध्ये या फाइली कधीही टाकू नका. त्यांच्यासोबत डीजीव्हूडूसीपीएल हा सेटिंगचा प्रोग्रॅमही गेमच्या फोल्डरात ठेवा, तिथूनच उघडा आणि वरच्या बाजूला 'कॉन्फिग फोल्डर' म्हणून हाच फोल्डर दिसतोय ना ते बघा. दुसराच दिसत असेल तर तुम्ही केलेले बदल गेमपर्यंत पोचणार नाहीत.

जनरल टॅबमध्ये 'विंडोड' निवडा. मग डायरेक्टएक्स टॅबमध्ये 'ॲप्लिकेशन कंट्रोल्ड फुलस्क्रीन विंडोड स्टेट' वरची खूण काढा. ही खूण राहिली तर गेम 'मला फुलस्क्रीन हवं' म्हणतो आणि डीजीव्हूडू निमूट ऐकतो. त्याच टॅबमधला 'वॉटरमार्क' पहिल्या वेळी चालू ठेवा. कोपऱ्यात त्याचं नाव उमटलं म्हणजे दुभाषी बसला. नाही उमटलं तर डीएलएल चुकीच्या फोल्डरात आहेत. खात्री झाली की तो बंद करा. काही बिघडलंच तर या फाइली काढून टाकल्या की गेम होता तसा होतो.

गेम द्विमितीय आणि डायरेक्टड्रॉवरचा असेल तर सीएनसी-डीड्रॉ हा दुभाषी जास्त हलका पडतो. त्याची डीड्रॉ डीएलएल आणि आयएनआय फाइल गेमशेजारी ठेवून आयएनआयमध्ये विंडोड=ट्रू करा. ६४० बाय ४८० च्या गेमला मी नेहमी १२८० बाय ९६० देतो: बरोबर दुप्पट, म्हणून प्रत्येक पिक्सेल चौकोनी राहतो, आणि टायटल बार व टास्कबार धरूनही उंची १०८० च्या आत बसते. ही दोन्हीही लागू पडली नाहीत तर डीएक्सविंड. त्याच्या विंडोत गेमची ईएक्सई ओढून टाका, 'रन इन विंडो' वर खूण करा आणि खेळून होईपर्यंत डीएक्सविंड बंद करू नका. ही साधनं त्यांच्या मूळ पानावरूनच उतरवा.

डॉसचा (विंडोजच्या आधीच्या काळातला) गेम डॉसबॉक्समध्ये, म्हणजे डॉसची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, ऑल्ट-एंटरनं लगेच विंडोत येतो, पण विंडो टिचभर असते. आकार वाढवायला कॉन्फिग फाइलमध्ये विंडोरिझोल्यूशन=१२८०x९६० लिहून भागत नाही. आउटपुट=सरफेस असेल तर ती ओळ दुर्लक्षिली जाते; आउटपुट=ओपनजीएल करा. माऊस अडकला तर कंट्रोल-एफ१०.

माऊसचा विषय निघालाच आहे तर, विंडोत खेळताना सर्वात जास्त छळतो तो हाच. पॉइंटर झटक्यात विंडोबाहेर जातो, तिथे क्लिक होतं आणि ऐन लढाईत गेम मागे पडतो. नव्या गेममध्ये 'लॉक कर्सर' किंवा 'कन्फाइन माऊस' असा पर्याय शोधा; डीजीव्हूडूत जनरल टॅबमध्ये 'कॅप्चर माऊस' आहे. पॉइंटर एका जागी आणि क्लिक दुसरीकडे लागत असेल, किंवा विंडो धूसर दिसत असेल, तर दोष स्क्रीनच्या १२५ किंवा १५० टक्के स्केलिंगचा. ईएक्सईच्या प्रॉपर्टीजमध्ये कम्पॅटिबिलिटी, तिथे 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज', खालची ओव्हरराइडची खूण लावून 'ॲप्लिकेशन' निवडा. विंडो स्क्रीनबाहेर उघडून हरवली तर ऑल्ट-स्पेस, मग एम, मग कुठलाही बाण दाबा आणि माऊस हलवा. ती पॉइंटरला चिकटून येते.

वेगाची काळजी पूर्वी रास्त होती, आता बरीच कमी. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स या वाटेनं 'ऑप्टिमायझेशन्स फॉर विंडोड गेम्स' चालू करा. डायरेक्टएक्स १० आणि ११ चे गेम त्यामुळे विंडोतही चित्र थेट स्क्रीनवर पाठवण्याची नवी पद्धत वापरतात आणि माऊसचा उशीर घटतो. एक मर्यादा राहतेच: बऱ्याच जुन्या गेममधला ब्राइटनेस किंवा गॅमाचा स्लायडर विंडोत काम करत नाही, कारण तो फुलस्क्रीनमध्येच लागू होतो. डीजीव्हूडूत ब्राइटनेस वेगळा वाढवता येतो.

आणि हे मात्र गंभीरपणे घ्या: चीट पकडणारी यंत्रणा असलेल्या ऑनलाइन गेममध्ये डीएलएल बदलणारं किंवा गेमला आतून जोडलं जाणारं कुठलंही साधन वापरू नका. यंत्रणेला तुमचा हेतू कळत नाही, परकी फाइल तेवढी दिसते, आणि खातं बंद होऊ शकतं. तिथे गेममधलं सेटिंग आणि लाँच ऑप्शन्स, एवढंच.

तुमच्या जुन्या गेमचं नाव आणि त्याच्या फोल्डरातल्या डीएलएल फाइलींची नावं कमेंटमध्ये टाका, म्हणजे डीजीव्हूडू की सीएनसी-डीड्रॉ ते नेमकं सांगता येईल.