आगर ८ ग्रॅमच आहे, तरी जरबेरा काचेसारखा का होतोय: माझा अनुभव

तुम्ही लिहिलंय की घोडबंदर रोडला तुमची टिश्यू कल्चरची (रोपाच्या तुकड्यापासून बाटलीत रोपं वाढवायची) छोटी लॅब आहे, आणि गेले दोन महिने जरबेराच्या फुलझाडांचे कोंब जाड, ठिसूळ, काचेसारखे होतायत. बीएपी (फुटवे आणणारं संप्रेरक) लिटरला २ मिलिग्रॅमवरून १ वर आणलं, जरा फरक वाटला, मग पुन्हा तेच. आणि शेवटी लिहिलंय, "आगर आधीसारखंच लिटरला ८ ग्रॅम आहे, त्यामुळे तिकडे प्रश्न नाही." (आगर म्हणजे बाटलीतलं रोपांचं अन्न, म्हणजे मीडिया, गोठवणारी पावडर.) या शेवटच्या वाक्यामुळे मी लिहायला बसले. हेच वाक्य मी चार महिने स्वतःला ऐकवत होते आणि त्या चार महिन्यांत माझी लॅब जवळजवळ बंद पडली होती.

आधी माझ्याबद्दल. मी शास्त्रज्ञ नाही. बॉटनीत एम.एस्सी. केलं आणि रबाळे एमआयडीसीत भाड्याच्या गाळ्यात नऊ वर्षं टिश्यू कल्चर केलं. माल मुख्यतः जरबेराचा, थोडं डेंड्रोबियम ऑर्किड. केळीचा मला अनुभव नाही, तेव्हा केळीवाल्यांनी माझं बोलणं स्वतः तपासून घ्यावं. निर्जंतुकीकरणाचा ऑटोक्लेव्ह, पीएच, बाटल्या हाताळायच्या लॅमिनार टेबलाची स्वच्छता यांवर काही लिहीत नाही, दोन वर्षं बाटल्या भरताय म्हणजे ते तुम्हाला येतच असणार.

२०१५ च्या अखेरीस आगराची जगभर टंचाई झाली होती. चांगल्या प्रतीचं आगर ज्या जेलिडियम नावाच्या लाल शैवालापासून काढतात, ते मोठ्या प्रमाणावर मोरोक्कोच्या किनाऱ्यावरून येतं. तिथे काढणीवर आणि निर्यातीवर मर्यादा आल्या आणि भाव चढले. पुढच्या उन्हाळ्यात माझ्या नेहमीच्या पुरवठादाराने हात वर केले. माझ्याकडे मावळातल्या एका पॉलिहाऊसवाल्यांची जरबेराची ऑर्डर होती, थांबायला वेळ नव्हता. मी दुसऱ्याकडून पाच किलो आगर उचललं. किलोमागे बरंच स्वस्त पडलं याचा तेव्हा आनंदच झाला होता.

इथेच माझी चूक झाली. नवा डबा फोडला आणि त्याच दिवशी सगळं उत्पादन त्याच्यावर घेतलं. दहा बाटल्यांची चाचणीसुद्धा घेतली नाही. आगर ते आगर, आठ ग्रॅम तर आठ ग्रॅम. मीडिया गोठला, बाटली तिरकी केली तर हलला नाही, मग शंका कशाला घ्यायची?

जुलैत पानं काचेसारखी दिसायला लागली. मी आधी बीएपीवर संशय घेतला, अगदी तुमच्यासारखाच. २ वरून १, १ वरून ०.५. थोडं बरं वाटायचं आणि फुटवे मात्र निम्म्यावर यायचे. मग खोलीचं तापमान खाली आणलं, वीजबिल वाढलं. मग झाकणं बदलली. मग मीडियातलं अमोनियम नायट्रेट कमी करून पाहिलं. प्रत्येक वेळी तीन-चार आठवडे वाट पाहायची आणि पुढच्या सबकल्चरला (कोंब नव्या मीडियावर हलवताना) पुन्हा तेच कोंब बघायचे.

बीएपी कमी केल्यावर थोडा फरक का पडतो, हे मला फार उशिरा समजलं. गोठलेला मीडिया, म्हणजे जेल, मऊ असेल तर त्यातलं पाणी कोंबाला फार सहज मिळतं. बाटलीतली हवा आधीच दमट, पानांतून पाणी बाहेर पडायला वाव नाही. मग ते पानातच साठतं, पेशींमधल्या हवेच्या जागा पाण्याने भरतात, म्हणून पान काचेसारखं दिसतं. आणि मऊ जेलमधून पाण्याबरोबर बीएपीसुद्धा जास्त सहज आत जातं. म्हणजे मीडियात तुम्ही लिटरला १ मिलिग्रॅमच घातलेलं असतं, पण कोंबाला त्याचा हिस्सा नेहमीपेक्षा जास्त मिळतो. त्यामुळे लक्षणं थेट बीएपी जास्त झाल्याची दिसतात, मात्रा कमी केली की किंचित आराम पडतो, आणि आपण त्याच वाटेवर आणखी पुढे जातो. तुम्हाला वाटलेला "जरा फरक" हाच असावा, असा माझा अंदाज आहे. अंदाज म्हणतेय, कारण तुमच्या बाटल्या मी पाहिलेल्या नाहीत.

त्यातही मी एक घाई केली. जे कोंब त्यातल्या त्यात बरे दिसत होते त्यांना मुळं फुटवून सुमारे तीन हजार रोपं शेडनेटमध्ये हार्डनिंगला (बाहेरच्या हवेची सवय करायला) काढली. अशा रोपांच्या पानांवरचा मेणासारखा थर पातळ असतो आणि पर्णरंध्रं नीट मिटत नाहीत. बाटलीबाहेर आली की पाणी धरून ठेवता येत नाही. आठवड्याभरात ट्रेच्या ट्रे माना टाकून बसले. मावळची ऑर्डर गेली, आगाऊ घेतलेले पैसे परत केले.

उत्तर मिळालं ते बाटल्या धुणाऱ्या मावशींकडून. दिघ्याहून यायच्या, आमच्याकडे सुरुवातीपासून होत्या. एकदा सहज म्हणाल्या, "ताई, आता मीडिया चमच्यानं खरवडावा लागत नाय. बाटली उपडी केली का भसकन येतो." मी विचारलं, कधीपासून? म्हणाल्या, "नवा डबा आला ना, तेव्हापासनं." चार महिने मी पानं बघत होते, पीएच मीटर बघत होते. जेल रोज हाताळत होत्या त्या मावशी, आणि त्यांना विचारायचं मला सुचलं नव्हतं.

जुन्या डब्यात तळाला थोडं आगर शिल्लक होतं. दोन्हीची ताकद मोजली (कशी, ते खाली लिहिते). जुनं आगर साधारण ९०० ग्रॅमला तुटलं, नवं ५२० ला. मीडियात घालताना वजनकाट्यावर मात्र दोन्ही आठच ग्रॅम होते!

आता त्या पुरवठादाराच्या कार्यालयाबद्दल. नाव घेणार नाही, पण जे झालं ते सांगते, कारण तुमच्यावरही ही वेळ येईल. मी त्या लॉटचा तपासणी दाखला मागितला. पहिल्यांदा आला तो भलत्याच लॉटचा. फोन केला तर, "मॅडम, सगळे सारखेच असतात." दुसऱ्यांदा योग्य लॉटचा आला, पण त्यात जेल स्ट्रेंग्थचा, म्हणजे जेलच्या ताकदीचा, रकानाच नव्हता. राख, ओलावा, रंग, सगळं होतं. स्वतः जाऊन बसले तर सांगितलं, सॅम्पल द्या. दिलं. तीन आठवड्यांनी विचारलं तर सॅम्पल कुठे गेलं कोणालाच माहीत नाही. पुन्हा दिलं. शेवटी एका ओळीचं उत्तर आलं: उत्पादन विहित मर्यादेत आहे, वापरकर्त्याने आपली पद्धत तपासावी. जेल स्ट्रेंग्थची विहित मर्यादा काय, ते विचारल्यावर कळलं, ५०० ते १००० ग्रॅम. म्हणजे एका डब्याची ताकद दुसऱ्याच्या निम्मी असली तरी दोन्ही त्यांच्या हिशेबाने बरोबर! इतकी रुंद मर्यादा ठेवून त्या मालावर लॅबसाठीचं लेबल लावायचं, आणि रोपं मेली की पद्धत तपासा म्हणून सांगायचं, याचा मला आजही संताप येतो. पाच पानी पत्रव्यवहार माझ्याकडे अजून आहे. त्यातून एक रुपया परत मिळाला नाही. त्या मागे धावण्यात जो दीड महिना गेला, त्यात मी नवा स्टॉक उभा करू शकले असते. तुम्ही तसं करू नका. एक मेल पाठवा, लॉटचा जेल स्ट्रेंग्थचा आकडा मागा, नाही मिळाला तर पुढचा डबा दुसरीकडून घ्या आणि कामाला लागा.

आता ताकद मोजायची साधी रीत. नवीन आगर ३ ग्रॅम, २०० मिलि डिस्टिल्ड पाण्यात पूर्ण वितळवून एका भांड्यात ओता. जुनं असेल तर तेही तसंच, त्याच दिवशी. रात्रभर ठेवा. सकाळी भांडं किचनच्या डिजिटल काट्यावर ठेवून काटा शून्यावर आणा. सपाट टोकाची, १ चौरस सेंमी क्षेत्राची दांडी (व्यास साधारण ११ मिमी) जेलवर सरळ टेकवून हळूहळू दाबत जा. जेल फाटेल त्या क्षणी काट्यावरचा आकडा बघा. तीनदा करून सरासरी घ्या. कारखान्यात हीच कल्पना उपकरणाने वापरतात: दीड टक्क्याचं जेल २० सेकंद किती वजन पेलतं, तो त्याचा आकडा. आपल्या घरगुती आकड्याची तुलना त्यांच्या आकड्याशी करू नका. आपल्याच दोन डब्यांची तुलना करायला मात्र हे पुरेसं आहे. म्हणूनच जो लॉट चांगला चालला त्याचं ५० ग्रॅम घट्ट बाटलीत काढून ठेवा, पुढच्या प्रत्येक डब्याला मापदंड म्हणून.

नवा लॉट हलका निघाला तरी फेकायचं कारण नाही. ८, ९, १० आणि ११ ग्रॅमचे प्रत्येकी दहा बाटल्यांचे चार संच लावा, बाकी काही बदलू नका. बीएपी पुन्हा तुमच्या जुन्या मात्रेवर आणा, नाहीतर कशामुळे काय झालं ते कळणार नाही. माझ्याकडे १० वर गाडी रुळावर आली. (आठाऐवजी दहा ग्रॅम लागल्यावर स्वस्ताईचा बराचसा फायदा तिथेच संपला.) पण म्हणून डोळे मिटून आगर वाढवत सुटू नका. फार घट्ट जेलमध्ये कोंब नीट टेकत नाही, वाढ खुंटते, फुटवे कमी येतात.

एक खूण सांगते. एकाच बॅचमधल्या काही बाटल्या मऊ आणि काही दगड झाल्या असतील तर दोष लॉटचा नाही, ढवळण्याचा आहे. पातेल्यात आगर पूर्ण वितळायच्या आत भरायला घेतलं की वरच्या बाटल्यांत पाणी आणि तळाच्या बाटल्यांत गोळा जातो. सगळी बॅच सारखीच मऊ असेल तर लॉट, पीएच किंवा ओलं आगर. आपल्याकडच्या पावसाळ्यात अर्धवट बंद डब्यातली पावडर ओलावा ओढते, मग आठ ग्रॅममध्ये आगर आठ ग्रॅम नसतंच. डबा फोडला की लहान हवाबंद बाटल्यांत वाटून ठेवत जा.

तुमच्या प्रश्नाला उत्तर देताना काहींनी तुम्हाला आगराऐवजी जेलन गम घ्यायला सांगितलंय, अडीच ग्रॅममध्ये काम होतं म्हणून. माझं मत: आत्ता अजिबात नको. पदार्थ वाईट नाही. जिवाणूंपासून बनतो, काचेसारखा स्वच्छ असतो, बुरशी पहिल्या दिवशी दिसते, मुळं धुवायला सोपी. पण जरबेरासारख्या आधीच पाणी धरणाऱ्या पिकात त्याच्यावर कोंब जास्त लवकर काचाळतात. दुसरं, तो गोठतो ते मीडियातल्या कॅल्शियम-मॅग्नेशियमच्या जोरावर. पूर्ण एमएसमध्ये (मुराशिगे-स्कूग, नेहमीचा मीडिया) छान बसतो, मुळांसाठी अर्धं एमएस केलं की तोच अडीच ग्रॅम ढिला पडतो. आणि पाणी जड असेल तर पावडर नीट विरघळतच नाही, गुठळ्या राहतात. माझ्या गाळ्यात पाणी बंद असलं की टँकर यायचा आणि तेव्हा आरओ थकलेला असेल तर जेलनने ते लगेच दाखवलं असतं. एकदा घट्ट बसला की आगरासारखा पुन्हा वितळवून भरताही येत नाही. नंतर, सगळं स्थिर झाल्यावर, मुळांच्या टप्प्यात थोडा वापरून बघा. आत्ता एका अडचणीत दुसरी घालू नका.

जांभळी नाक्यावरून चायना ग्रास आणायचा सल्लाही दिसला. चायना ग्रास आगरच आहे, आणि आगर प्रयोगशाळेत आलं तेही स्वयंपाकघरातूनच. १८८१-८२ च्या सुमारास फॅनी हेसे यांनी आपल्या पतीला, वॉल्थर हेसे यांना, ते सुचवलं. तेव्हा वॉल्थर जिवाणूशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉखच्या प्रयोगशाळेत काम करत होते, आणि उन्हाळ्यात जिलेटिन वितळतं ही त्यांची तक्रार होती. पण खाण्यासाठीच्या मालात मीठ किती, ताकद किती, हे पुडीगणिक बदलतं. शाळेच्या प्रयोगाला ठीक आहे, ऑर्डरच्या मालाला नाही. इसबगोल मी स्वतः करून पाहिलाय, लिटरला ३० ग्रॅमच्या आसपास लागतो. रोपं वाढतात, पण ते भरता भरताच पातेल्यात बसायला लागतं आणि दोनशे बाटल्या भरणाऱ्याची दमछाक होते.

आता हातात असलेले कोंब. फार पारदर्शक झालेले, दाबलं की मोडणारे, ते काढून टाका, मन घट्ट करा. किंचित काचाळलेले घट्ट मीडियावर, बीएपी शून्य किंवा अगदी कमी ठेवून, हवा जाईल अशा झाकणांत चार आठवडे ठेवा. त्यातले काही सुधारतात, सगळे नाही. आणि मी केलं तसं, बरे दिसतायत म्हणून घाईने हार्डनिंगला काढू नका.

हे सगळं एका लॅबच्या, एका पिकाच्या अनुभवावरून आहे. तुमचं कारण झाकण किंवा तापमानही असू शकतं. पण ते ठरवायच्या आधी दोन महिन्यांपूर्वी नवा डबा फोडला होता का ते रजिस्टरमध्ये बघा, आणि दोन्ही डब्यांचे लॉट नंबर, लेबलवरची ग्रेड आणि तुमच्या काट्यावर आलेला आकडा इथे टाका. बाटल्या कोण धुतं, त्यांनाही आजच विचारून घ्या.