गाडी दिवसभराची, ठिकाणं चारच: बालीविषयी वाचकांचे प्रश्न

गेल्या दोन महिन्यांत बालीबद्दल आलेल्या बहुतेक पत्रांचा सूर एकच आहे: ग्रुप टूरच्या बसमध्ये न बसता, एक दिवस फक्त आपल्या घरच्यांसाठी गाडी करून देवळं, भातशेती, डोंगर बघायचे तर ते कसं जमवायचं? त्यातली निवडक पत्रं आणि त्यांची उत्तरं.

आमचा मुक्काम उबुदला आहे. यादी अशी: लेम्पुयांग देवळाचं दार, तेगलालांगची भातशेती, किंतामणीचा ज्वालामुखी, तिर्ता एम्पुलचं देऊळ, एखादा धबधबा आणि संध्याकाळी उलुवातूला केचक नृत्य. सकाळी नऊला निघालो तर होईल ना? (डोंबिवली)

नाही होणार. लेम्पुयांग बेटाच्या पूर्व टोकाला आहे, उलुवातू दक्षिण टोकाला. बाली पूर्व-पश्चिम जेमतेम १४० किलोमीटर असल्यामुळे नकाशावर सगळं हाताशी दिसतं. पण रस्ते दुपदरी, गावागावांतून जाणारे, मध्येच एखादी मिरवणूक आली की थांबावंच लागतं. तासाला २५ ते ३० किलोमीटर धरा. तुमच्या यादीत सात-आठ तास नुसते गाडीत जातील आणि प्रत्येक देवळाच्या दारात फोटो काढून परत फिरावं लागेल.

स्वतंत्र गाडीचा खरा फायदा ठिकाणांची संख्या वाढवण्यात नाही, वेळ आपण ठरवण्यात आहे. बस नऊला निघते, तुम्ही सहाला निघा. उबुदहून उत्तरेला जाणारे रस्ते चढत चढत किंतामणीला पोचतात. आधी सर्वांत वर जायचं आणि मग एकेक ठिकाण बघत खाली उतरायचं, असा क्रम ठेवा.

सहाला निघालात की सव्वासातपर्यंत पेनेलोकानला, म्हणजे किंतामणीचा ज्वालामुखी जिथून दिसतो त्या जागी, पोचता. समोर बातुर पर्वत (१,७१७ मीटर), त्याच्या पायथ्याशी सरोवर, आणि १९१७ व १९२६च्या उद्रेकांनंतर ज्यांना जागा बदलावी लागली ती गावं. इथे सकाळचा आग्रह यासाठी की दहा-अकरानंतर ढग चढतात आणि दुपारी जेवायला येणाऱ्या बसवाल्यांना अनेकदा नुसतं पांढरं धुकं दिसतं. हवा गार असते, एक पातळ जॅकेट हवंच. तासाभराने खाली उतरलं की नऊच्या सुमारास तिर्ता एम्पुल, तिथून दोन किलोमीटरवर गुनुंग कावीची कड्यात कोरलेली स्मारकं, आणि बाराच्या आसपास तेगलालांग. तिथे दुपारचं ऊन डोक्यावर येतं आणि फोटो भगभगीत येतात, हा या क्रमाचा तोटा. तो पत्करावा, कारण भातशेती दुपारीही दिसते, ज्वालामुखी दिसत नाही. तीनच्या आत उबुदमध्ये परत या. चार ते सहा उबुदच्या मधल्या रस्त्यांवर गाडी मुंगीच्या पावलाने सरकते. संध्याकाळी साडेसातला उबुदच्या राजवाड्यात नृत्याचा कार्यक्रम असतो, त्याला चालत जाता येईल.

लेम्पुयांगसाठी वेगळा दिवस काढा. त्या प्रसिद्ध फोटोत दाराखाली दिसणारं पाणी खरं नाही. फोटो काढणारा फोनच्या लेन्सखाली आरसा धरतो, त्याचं ते प्रतिबिंब. या एका फोटोसाठी नंबर घेऊन दोन-तीन तास बसावं लागतं. तरी जायचंच असेल तर पहाटे चारला निघा आणि परतताना तिर्ता गंगा बघा. कारंगासेमच्या राजाने १९४०च्या दशकात बांधलेली ही जलबाग लहान मुलांना देवळापेक्षा जास्त आवडते.

गाडी ठरवताना नेमकं काय विचारायचं? दर फार वेगवेगळे सांगतात. (कोल्हापूर)

दहा तासांची गाडी, ड्रायव्हर आणि पेट्रोल धरून साधारण ६ ते ८ लाख रुपिया. एक लाख रुपिया म्हणजे आपले सुमारे पाचशे ते साडेपाचशे रुपये, तेव्हा आकडा ऐकून दचकू नका. या दरात चार-पाच मोठी माणसं बसतील अशी गाडी मिळते. त्याहून जास्त माणसं असतील तर मोठी व्हॅन घ्या. सहावा माणूस मागच्या सीटवर गुडघे छातीशी घेऊन दिवस काढतो.

विचारायच्या गोष्टी: दहा तास हॉटेल ते हॉटेल की पहिल्या ठिकाणापासून? पार्किंग कोण देणार? जादा तासाला किती? देवळांचं प्रवेशशुल्क बहुधा दरात नसतं, आणि प्रत्येक माणसामागे दर ठिकाणी दहा हजारांच्या पटीत रुपिया जातात. चार माणसांचं चार ठिकाणचं मिळून ही रक्कम गाडीच्या भाड्याच्या बरोबरीने जाऊ शकते. स्वस्त दर सांगणाऱ्याचा हिशेब बऱ्याचदा इथेच चुकलेला असतो.

दुसरं, ड्रायव्हर म्हणजे गाईड नव्हे. चांगला ड्रायव्हर वाटेत खूप सांगतो, पण देवळाबाहेर गाडीशी थांबतो. आत येऊन समजावणारा हवा असेल तर परवानाधारक गाईड वेगळा ठरवा. त्याच्याकडे संघटनेचं ओळखपत्र असतं, ते बघा.

तिसरं, निघण्यापूर्वीच सांगा: दुकानं नकोत. चांदीसाठी चेलुक, लाकडी कोरीव कामासाठी मास, चित्रांसाठी बातुआन ही गावं खरोखर त्या त्या कारागिरीची आहेत, बघण्यासारखी आहेत. पण गाडी थांबते ती गावात नव्हे, ड्रायव्हरला कमिशन देणाऱ्या मोठ्या शोरूमपाशी. लुवाक कॉफीच्या बागेचंही तेच. दहा-बारा छोट्या कपांत चहा-कॉफी फुकट चाखायला देतात, लुवाकच्या कपाचे पैसे वेगळे. ज्या उदमांजरांच्या (लुवाक) विष्ठेतून कॉफीच्या त्या बिया येतात ते प्राणी पिंजऱ्यांत ठेवलेले असतात. आमच्या मते तो थांबा वगळलेलाच बरा.

तिर्ता एम्पुलला आपल्याला स्नान करता येतं का? की ते फक्त तिथल्या लोकांसाठी? (नाशिक)

करता येतं. नाशिककरांना तीर्थाचं स्नान नवं नाही, आणि ‘तिर्ता’ म्हणजे आपलं तीर्थच. दहाव्या शतकातलं हे झऱ्याचं देऊळ. झऱ्याचं पाणी कुंडाच्या तळातून वाळू उडवत वर येतं आणि दगडी तोंडांतून पुढच्या कुंडांत पडतं. या शुद्धिस्नानाला ‘मेलुकात’ म्हणतात.

रीत अशी. अंगावरच्या कपड्यांवर नेसायचं सारोंग आणि कमरेचा पट्टा तिथेच भाड्याने मिळतो. कोरड्या सारोंगने पाण्यात उतरायचं नाही, स्नानाचं वेगळं असतं. आधी काठावर नैवेद्य ठेवून प्रार्थना. मग डावीकडच्या पहिल्या तोंडापासून सुरुवात: हात जोडायचे, चूळ भरायची, तोंड धुवायचं, मग डोकं धारेखाली. एक झालं की उजवीकडचं पुढचं. मात्र सगळी तोंडं घ्यायची नाहीत. त्यांतली दोन मृतांच्या विधींसाठी राखलेली आहेत. पर्यटक हमखास चुकतात ते इथेच, कारण पुढचा माणूस ती का ओलांडून गेला हे त्यांना कळत नाही. ओळखू येत नसतील तर पुजाऱ्याला, म्हणजे ‘पेमांग्कू’ला, विचारा. साबण, शाम्पू आणि पाण्यात उभं राहून सेल्फीचे प्रयोग करू नका. मागे उभी असलेली बाई कदाचित आजारी मुलासाठी आलेली असते.

सोबत कोरड्या कपड्यांचा पूर्ण जोड, टॉवेल आणि ओल्या कपड्यांसाठी प्लास्टिकची पिशवी न्या. पैसे-पासपोर्ट लॉकरमध्ये ठेवा. गर्दीत प्रत्येक तोंडापाशी रांग असते आणि पाणी चांगलंच गार आहे. म्हातारी माणसं आणि मुलं अर्ध्या तासात कुडकुडतात.

पाळी चालू असलेल्या बायकांनी आणि सुतक असलेल्यांनी देवळात येऊ नये, अशा पाट्या बालीतल्या बहुतेक देवळांबाहेर असतात. कोणी तपासत नाही. पटो न पटो, घर त्यांचं आहे.

सासूबाई ७२ वर्षांच्या, गुडघे दुखतात. त्यांना घेऊन कोणता मार्ग धरावा? (सांगली)

गुनुंग कावी आधी यादीतून काढा. अकराव्या शतकात कड्यात कोरलेली सुमारे सात मीटर उंच चंडी (मंदिराकृती स्मारकं) अप्रतिम आहेत, पण तिथे पोचायला तीनशेच्या आसपास पायऱ्या खाली आणि तेवढ्याच वर. बहुतेक धबधब्यांचीही तीच गत, शिवाय पायऱ्या ओल्या.

त्यांच्यासाठी पश्चिमेकडची बाजू घ्या. सकाळी लवकर बेदुगुलला बेरातान सरोवराकाठचं उलुन दानू देऊळ. बाग सपाट आहे, बसायला जागा आहे. तिथून अरुंद रस्त्याने तासाभरात जातिलुविह. ही भातशेती रस्त्याकडेच्या हॉटेलात बसूनही दिसते, जेवण तिथेच करा. उतरताना मेंगवीचं तामान आयुन: भोवती खंदक, आत मेरूंच्या रांगा. मेरू म्हणजे काळ्या तंतूंच्या छपरांचे मजले, नेहमी विषम संख्येत, जास्तीत जास्त अकरा. आतल्या चौकात पर्यटकांना सोडत नाहीत, पण बुटक्या भिंतीवरून सगळं नीट दिसतं, त्यामुळे सासूबाईंचं काहीच हुकत नाही.

जातिलुविह आणि तेगलालांग, दोन्ही भातशेतीच. एकच बघायची तर? (ठाणे)

वेळ असेल तर जातिलुविह. तेगलालांग अरुंद दरी आहे, झोके आणि कॅफे यांनी भरलेली, आणि बांधावरून चालताना जागोजागी दहा-वीस हजार रुपियांची ‘देणगी’ मागतात. तेवढ्या सुट्ट्या नोटा खिशात ठेवा. जातिलुविह ‘सुबाक’ या पाणीवाटप पद्धतीसाठी २०१२ साली युनेस्कोच्या यादीत आलेल्या प्रदेशात आहे. शेतकरी एकाच पाटाचं पाणी वाटून घेतात आणि कोणी कधी लावणी करायची ते पाण्याच्या देवळात ठरतं. त्याला शेतीचं कारण आहे: आसपासची शेतं एकाच वेळी रिकामी ठेवली की किडीला खायला उरत नाही. १९७०च्या दशकात सरकारी आग्रहाने जो तो मनाला येईल तेव्हा भात लावू लागला, तेव्हा किडीने आणि उंदरांनी धुमाकूळ घातला. शेवटी पुन्हा देवळाच्या वेळापत्रकाकडे वळावं लागलं.

याचा पर्यटकाला परिणाम असा की एका भागातलं शेत एकदमच हिरवं असतं किंवा एकदमच कापलेलं. निघण्याच्या आदल्या दिवशी ड्रायव्हरला चालू फोटो मागा.

घरात सगळे शाकाहारी, दोघं जैन. (सोलापूर)

मांस टाळणं सोपं आहे, कोळंबी टाळणं अवघड. ‘तेरासी’ हा कोळंबीचा कुटलेला गोळा बहुतेक सांबालमध्ये, म्हणजे तिथल्या मिरचीच्या ठेच्यात, असतो. ‘क्रुपुक’ पापडही अनेकदा कोळंबीचाच. गादो-गादो (शेंगदाण्याच्या चटणीतल्या भाज्या) मागवलं तर वर अंडं येतं. वाक्य पाठ करा: ‘तान्पा दागिंग, तान्पा इकान, तान्पा तेरासी, तान्पा तेलुर’, म्हणजे मांस, मासे, तेरासी, अंडं नको. तेम्पे (आंबवलेल्या सोयाबीनची वडी), तोफू, भात आणि नारळ घातलेली उराप भाजी यांवर दिवस छान निघतो. जैनांसाठी ‘तान्पा बावांग’ म्हणा. बावांगमध्ये कांदा-लसूण दोन्ही आले. पण बालीचं वाटण लसणाशिवाय होतच नाही, म्हणून दुपारचा डबा हॉटेलातूनच बांधून न्या. उबुदमध्ये भारतीय हॉटेलं आहेत, वाटेवर मिळतीलच असं नाही.

मार्चअखेरीस सुट्टी आहे. काही अडचण? (पुणे)

पाऊस ओसरत आलेला असतो, तो प्रश्न नाही. ‘न्येपी’ची तारीख मात्र बघा. हा बालीतल्या हिंदूंच्या शक संवत्सराचा पहिला दिवस, आणि शकाचा आकडा आपलाच: २०२६ मध्ये शक १९४८, १९ मार्चला, अगदी गुढीपाडव्याच्याच दिवशी. दर वर्षी असं जुळत नाही, कारण अधिक महिना दोघांकडे वेगळ्या वेळी येतो. २०२४ मध्ये न्येपी ११ मार्चला होती, पाडवा ९ एप्रिलला. न्येपीच्या दिवशी चोवीस तास विमानतळ बंद, रस्ते बंद, दिवे मंद, हॉटेलबाहेर पाऊल टाकायचं नाही. त्या दिवसाची गाडी कोणी देत असेल तर तो फसवतोय. आदल्या संध्याकाळी ओगो-ओगो या राक्षसांच्या प्रचंड पुतळ्यांची मिरवणूक असते, तिच्यासाठी एक दिवस आधी पोचा.

माकडांची भीती वाटते. उबुदचं माकडवन टाळावं का? (रत्नागिरी)

कोकणातल्या माणसाला माकडं काय सांगायची! खाऊ, पाण्याची बाटली, खुळखुळणारी पिशवी नेऊ नका, दात दाखवून हसू नका. उलुवातूची माकडं आधी चष्मा पळवतात, त्याला दोरी लावा. चावा किंवा ओरखडा बसला तर मात्र हलकं घेऊ नका: २००८ पासून बालीत रेबीज आहे. जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी दवाखान्यात जा, उरलेली सहल सोडून.