विमान मेंटेनन्समध्ये १४ वर्षं झाल्यावर नव्याने नेमकं काय शिकावं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा की १४ वर्षं लाइन मेंटेनन्सला (विमानतळावर उभ्या विमानाच्या रोजच्या देखभालीला) टेक्निशियन म्हणून काढली, सगळी जुन्या अ‍ॅल्युमिनियमच्या विमानांवर, आता कंपनी कंपोझिटची (म्हणजे कार्बन फायबर आणि रेझिनच्या थरांची) नवीन विमानं घेतेय, जो तो अपस्किलिंग रीस्किलिंग करतोय, मोबाईलवर डेटा अ‍ॅनालिटिक्स, एआय, ड्रोनच्या कोर्सच्या जाहिराती सारख्या येतायत, वय ३८, तर काय शिकावं आणि आता उशीर झालाय का. आधी उत्तर देऊन टाकतो, कारणं मग. उशीर बिलकुल झालेला नाही. आणि तुम्ही आज जे काम करता त्याच्या अगदी शेजारचं काम शिका, तेही अशा ठिकाणी जिथे कोणीतरी बाजूला उभं राहून तुमचा हात बघेल आणि शेवटी कंपनी तुमच्या नावाने ऑथरायझेशन काढेल. ज्या कोर्सच्या शेवटी नुसतं सर्टिफिकेट हातात येतं पण विमानाला हात लावायची परवानगी येत नाही, त्यात पदरचे पैसे घालू नका, निदान आत्ता तरी नको.

मी स्वतः स्ट्रक्चर रिपेअरमधून वर आलोय आणि आता बरीच वर्षं ट्रेनिंगला शिकवतो, त्यामुळे हे जरा पोटतिडकीने लिहितोय, कारण चांगले हात असलेली माणसं चुकीच्या कोर्सच्या मागे लागलेली दरवेळी बघतो आणि जीव तुटतो.

आपल्या धंद्याची एक गोष्ट बाहेरच्यांना कळत नाही. दुसरीकडे तुम्ही घरी बसून काहीतरी शिकलात, काम जमलं, झालं. इथे तसं नाही. लायसन्स कोणाला द्यायचं याचे किमान निकष आयकाओ या आंतरराष्ट्रीय विमान वाहतूक संघटनेच्या अ‍ॅनेक्स १ मध्ये आहेत, त्यावर प्रत्येक देशाचा रेग्युलेटर आपले नियम करतो, त्यावर कंपनी आपलं ऑथरायझेशन देते, आणि हे सगळं असलं तरी हात चालू ठेवावा लागतो. युरोपच्या नियमांत बघा, काम झाल्यावर विमान उडायला योग्य म्हणून सर्टिफाय करणाऱ्या माणसाला मागच्या दोन वर्षांत सहा महिन्यांचा प्रत्यक्ष कामाचा अनुभव दाखवावा लागतो, आणि एखाद्या कॅटेगरीतलं पहिलं टाइप रेटिंग (ठरावीक प्रकारच्या विमानावर काम करायची मान्यता) घ्यायचं तर थिअरी आणि प्रॅक्टिकल झाल्यावर वर ओजेटी सुद्धा करावं लागतं, म्हणजे खऱ्या विमानावर, खऱ्या कामात, कोणाच्या तरी नजरेखाली. हे लोकांना किचकट वाटतं, पण मला हा आपल्या क्षेत्राचा सगळ्यात मोठा शहाणपणा वाटतो, कारण स्लाइड बघून रिव्हेट मारता येत नाही.

आता कंपोझिटचं. तुमच्यासाठी मुख्य विषय हाच आहे म्हणून जरा सविस्तर सांगतो. बोइंग ७८७ मध्ये वजनाच्या साधारण ५० टक्के आणि एअरबस ए३५० मध्ये ५३ टक्के कंपोझिट आहे, म्हणजे हा आता कोपऱ्यातला विषय राहिलेला नाही. अ‍ॅल्युमिनियमला केटरिंगच्या ट्रकने ठोकलं की डेंट दिसतो, आपण खोली मोजतो, मॅन्युअलमधली लिमिट बघतो, आत बसलं तर नोंद करून सोडतो, नाहीतर रिपेअर. तुमचा डोळा १४ वर्षं यावर तयार झालाय. कार्बन फायबरच्या पॅनेलला तोच ट्रक लागला तर वरचा पृष्ठभाग जवळपास पहिल्यासारखा दिसू शकतो आणि आतले थर मात्र एकमेकांपासून सुटलेले असतात, रंगाला जेमतेम एखादी खूण. मी बॅचला नेहमी एक सराव देतो, वर्कशॉपमध्ये दोन पॅनेल ठेवतो, एक चांगलं आणि एक आतून डिलॅमिनेट झालेलं म्हणजे थर सुटलेलं, वरून दोन्ही सारखीच, आणि छोटी टॅप हॅमर देऊन सांगतो की डोळे मिटून वाजवत जा. चांगल्या जागी खणखणीत आवाज येतो, आणि सुटलेल्या जागी फुटकं मडकं वाजावं तसा बद्द येतो. जुने शीट मेटलवाले हे तरुण मुलांपेक्षा लवकर पकडतात, कारण त्यांच्या हाताला आणि कानाला मटेरियलची सवय असते. अडचण त्यानंतर येते. बद्द जागेची कडा पेन्सिलने आखायला सांगितली की बरेच जण दिसणाऱ्या खुणेभोवती गोल काढून थांबतात, आणि मग त्याच पॅनेलवर ध्वनिलहरींनी आतलं तपासणारा अल्ट्रासॉनिक प्रोब फिरवला की कळतं नुकसान त्याच्या कितीतरी बाहेरपर्यंत गेलंय. तिथे माणूस गप्प होतो आणि खरं शिकायला लागतो. टॅप टेस्ट पातळ पॅनेलला आणि हनीकोंबला (आत मधाच्या पोळ्यासारखी जाळी असलेल्या पॅनेलला) ठीक, थरांवर थर दिलेल्या जाड लॅमिनेटला ती पुरत नाही, तिथे अल्ट्रासॉनिकच पाहिजे, आणि कधी काय लावायचं हे त्या विमानाच्या मॅन्युअलमधूनच ठरतं.

मग रिपेअर. तिथे तुमचा ड्रिलचा स्पीड बदलतो, बिट बदलतो, मागून आधार दिला नाही तर बाहेर पडताना थर फाटतात, कार्बनच्या संपर्कात अ‍ॅल्युमिनियम आलं तर ते झपाट्याने गंजतं म्हणून टायटॅनियमचे फास्टनर येतात, धूळ फुप्फुसात जाऊ द्यायची नाही, आणि ती वीज वाहून नेते म्हणून इलेक्ट्रिकल बॉक्सजवळ तर अजिबात उडू द्यायची नाही. प्रीप्रेग (आधीच रेझिन भरलेलं फायबरचं कापड) फ्रीझरमधून किती वाजता काढलं याचा सुद्धा हिशेब ठेवावा लागतो, कारण बाहेरचा वेळ संपला की ते मटेरियल बाद, दिसायला कितीही चांगलं असो. हॉट बाँडरवर (पॅच तापवायच्या यंत्रावर) क्युअर करताना, म्हणजे रेझिन पक्कं करताना, तापमान किती वेगाने चढलं, व्हॅक्यूम टिकला का, याचा रेकॉर्ड हाच तुमचा पुरावा, कारण तयार झालेल्या पॅचकडे बघून तो आतून नीट बसलाय की नाही हे कोणालाच सांगता येत नाही. शीट मेटलमध्ये निदान रिव्हेटचं डोकं बघून काहीतरी अंदाज यायचा.

म्हणून माझा तुम्हाला पहिला सल्ला कंपोझिट रिपेअर, आणि जोडीला एनडीटी, म्हणजे पार्टला धक्का न लावता आतलं नुकसान शोधायची तपासणी. एनडीटीचं एवढंच लक्षात ठेवा की लेव्हल टूला (स्वतः तपासून निकाल द्यायच्या पातळीला) जायला वर्गातल्या तासांइतकेच किंबहुना जास्त महत्त्वाचे देखरेखीखाली केलेल्या कामाचे तास असतात, दरवर्षी जवळच्या नजरेची तपासणी असते, आणि विमान क्षेत्रात ही पात्रता साधारणपणे कंपनी आपल्या माणसाला देते, म्हणजे नोकरी बदलली की नवीन कंपनी ती पुन्हा तपासून घेते. बाहेरच्या इन्स्टिट्यूटने लेव्हल टू देतो म्हणून सांगितलं तर आधी विचारा की प्रत्यक्ष तास कुठे आणि कोणाच्या हाताखाली भरणार.

इलेक्ट्रिकल बाजूला कल असेल तर तोही रस्ता उत्तम आहे. ७८७ मध्ये इंजिनातून ब्लीड एअर (दाबलेली गरम हवा) काढून एअर कंडिशनिंगला द्यायची जुनी पद्धत नाही, ते काम विजेवर चालतं, इंजिन सुद्धा विजेने सुरू होतं, ब्रेक इलेक्ट्रिक. आपल्याला ११५ व्होल्टची सवय, तिथे २३५ व्होल्ट एसी आणि प्लस मायनस २७० व्होल्ट डीसी आहे. जुन्या सवयीने कनेक्टरला हात घालणं जिवावर बेतेल. आणि आता सॉफ्टवेअरलाही पार्ट नंबर असतो, ते लोड करणं, लोड झालं ते बरोबर व्हर्जन आहे ना आणि त्या विमानाच्या कॉन्फिगरेशनला चालतं ना हे तपासणं, हे पार्ट बदलण्याइतकंच जबाबदारीचं काम आहे. डेटाचं म्हणाल तर तुम्हाला प्रोग्रॅमिंग यायची गरज नाही, पण विमान उतरायच्या आधीच जे फॉल्ट मेसेज खाली येतात ते वाचून कुठला मूळचा आणि कुठला त्याच्यामुळे आलेला हे ओळखता यायला पाहिजे. हे ज्याला येतं त्याला शिफ्टमध्ये सगळे शोधत येतात.

आता एक अवघड गोष्ट. नवीन शिकण्यापेक्षा जुनी सवय सोडणं जड जातं आणि हे हुशार, अनुभवी माणसालाच जास्त जड जातं. १० जून १९९० चा ब्रिटिश एअरवेजच्या ५३९० फ्लाइटचा अपघात आठवून बघा, बीएसी वन-इलेव्हन विमान, हवेत कॅप्टनच्या समोरची विंडस्क्रीन उडाली आणि कॅप्टन अर्धा बाहेर ओढला गेला, क्रूने त्याला धरून ठेवलं, को-पायलटने विमान साउदॅम्प्टनला उतरवलं आणि नशिबाने सगळे वाचले. उड्डाणाच्या साधारण २७ तास आधी, रात्री काच बदलणारा माणूस नवशिका नव्हता, अनुभवी शिफ्ट मॅनेजर होता. त्याने काढलेला जुना बोल्ट घेऊन स्टोअरमध्ये त्याच्याशी जुळणारे बोल्ट नजरेने निवडले, पार्ट कॅटलॉग बघितला नाही. मुळात बसवलेले जुने बोल्टच बरोबर नव्हते, आणि नवीन ९० पैकी ८४ बोल्टांचा व्यास ०.०२६ इंचाने कमी निघाला. मी हे वर्गात सांगतो तेव्हा त्या माणसाला नावं ठेवायला सांगत नाही, कारण रात्री, घाईत, हाताखाली कमी माणसं असताना आपल्यातले कितीतरी जण तेच करतील. कंपोझिटच्या विमानावर गेलात की ही ‘बघून कळतं मला’ वाली सवय आधी बाजूला ठेवा.

कंपन्यांबद्दलही बोलायला पाहिजे, सगळं ओझं कामगारावर टाकणं मला पटत नाही. ट्रेनिंगमध्ये काटकसर केली की काय होतं याचं बोइंग ७३७ मॅक्सपेक्षा मोठं उदाहरण नाही. जुन्या ७३७ वरच्या पायलटांना सिम्युलेटरशिवाय, कॉम्प्युटरवरच्या छोट्या कोर्सवर नवीन विमानाकडे वळवता येईल हा विक्रीचाच मुद्दा होता, एमकॅस नावाची, विमानाचं नाक आपोआप खाली दाबणारी यंत्रणा पायलटांच्या मॅन्युअलमध्ये नीट सांगितलेली नव्हती, आणि २९ ऑक्टोबर २०१८ ला लायन एअर आणि १० मार्च २०१९ ला इथिओपियन एअरलाइन्स, दोन्ही मिळून ३४६ माणसं गेली. डिझाइनचा दोष मोठा होताच, पण नोव्हेंबर २०२० मध्ये अमेरिकेत विमानाला परत परवानगी मिळाली तेव्हा पायलटांना सिम्युलेटर ट्रेनिंग सक्तीचं झालं. म्हणजे जो खर्च आधी नको होता तोच नंतर करावा लागला. म्हणून तुमच्या कंपनीने शिफ्ट संपल्यावर घरी बसून मॉड्यूल पूर्ण करा असं सांगितलं तर युनियनमार्फत असो वा थेट मॅनेजरकडे, स्पष्ट बोला. शिकणं हे कामाच्या वेळात, पगारी असायला पाहिजे. नाइट शिफ्ट करून आलेला माणूस लॅपटॉपवर नेक्स्ट नेक्स्ट दाबतो, त्याला ट्रेनिंग म्हणत नाहीत.

तुमची नोकरी जाणार का ही भीती प्रश्नात लिहिली नाहीत पण ती जाणवली. काम पूर्ण नाहीसं होण्याचे प्रकार आपल्याकडे झालेत हे खरं आहे. मोठ्या विमानांवर आधी नॅव्हिगेटर असायचा, तो गेला, मग फ्लाइट इंजिनीअर, १९८९ मध्ये सेवेत आलेल्या ७४७-४०० मध्ये त्याची खुर्चीच नव्हती. त्यातले काही जण पायलट झाले, कारण कॉकपिट, सिस्टिम, क्रूबरोबरचं बोलणं हे सगळं त्यांच्याकडे होतंच. २०२० मध्ये जगभरची प्रवासी संख्या आदल्या वर्षीच्या ४५० कोटींवरून १८० कोटींच्या आसपास आली तेव्हा स्टॉकहोममध्ये एसएएस या विमान कंपनीच्या, कामावरून कमी केलेल्या केबिन क्रूला तीन दिवसांचं ट्रेनिंग देऊन हॉस्पिटलमध्ये मदतनीस म्हणून घेतलं होतं. तीन दिवस कसे पुरले? कारण प्रथमोपचार, घाबरलेल्या माणसाशी शांतपणे बोलणं, स्वच्छतेचे नियम हे आधीच अंगात होतं. मी शेजारचं काम शिका म्हणतो ते ह्यासाठी. आणि उलटही झालं, ज्या कंपन्यांनी तेव्हा अनुभवी माणसं सोडून दिली त्यांना २०२२ मध्ये ती परत मिळेनात, लंडनच्या हीथ्रो विमानतळाला त्या उन्हाळ्यात रोज निघणाऱ्या प्रवाशांवर एक लाखाची मर्यादा घालावी लागली. मेंटेनन्समध्ये तर माणसं कमीच पडतायत, बोइंगने २०२३ साली पुढच्या २० वर्षांसाठी ६ लाख ९० हजार टेक्निशियन लागतील असा अंदाज दिला होता. तो विमान विकणाऱ्याचा अंदाज आहे म्हणून थोडा कमी धरा, तरी ३८ वर्षांच्या, लायसन्सच्या वाटेवर असलेल्या माणसाला काम नाही असं होणार नाही.

तर आता करायचं काय. ट्रेनिंग डिपार्टमेंटला जाऊन विचारा की नवीन विमानाच्या टाइप कोर्सची पहिली बॅच कधी, त्यात टेक्निशियन किती घेणार, प्रॅक्टिकल कुठल्या विमानावर होणार, आणि ओजेटीची लॉगबुक कोण सही करणार. चौथ्या प्रश्नाला नाव सांगून उत्तर आलं तर बॅचला नाव द्या, आणि ‘बघू, ते नंतर ठरेल’ असं आलं तर लेखी मेल टाकून ठेवा आणि दर महिन्याला आठवण करा. तोपर्यंत कंपोझिट शॉपमध्ये काही आठवडे पाठवता का विचारा, सुरुवातीला नुसतं सँडिंग आणि व्हॅक्यूम बॅग (आतली हवा काढून पॅच दाबून धरणारी पिशवी) लावायचं काम देतील, आनंदाने करा, गळती शोधत बॅगच्या कडेला कान लावून बसणं हे तिथलं पहिलं शिक्षण आहे. लॉगबुकमध्ये काम केलं त्याच दिवशी नोंद करा आणि त्याच दिवशी सही घ्या. सही करणारा माणूस पुढच्या महिन्यात दुसऱ्या बेसला गेला की तुमचे ते तास कागदावर येतच नाहीत, हे मी इतक्या जणांच्या बाबतीत बघितलंय की बॅचच्या पहिल्या दिवशी, पहिल्या तासाला मी हेच सांगतो.